ईदच्या कपड्यांचा हलाल हिशेब

मटण घेताना आपण दुकानदाराला विचारतो, "हलाल आहे ना?" बिस्किटाच्या पुड्यावरचे घटकही वाचून पाहतो. ईदचे कपडे घेताना मात्र आपण फक्त रंग, साइज आणि किंमत विचारतो. हा कपडा कुणी शिवला, त्याला मजुरी किती मिळाली, हे कुणी विचारत नाही.

पवित्र कुरआनात अन्नाविषयी बोलताना 'हलाल' आणि 'तय्यिब' हे शब्द जोडीने येतात. वस्तू वैध असावी आणि ती स्वच्छ, उत्तमही असावी. 83 व्या सूरहची सुरुवातच मापात मारणाऱ्यांना दिलेल्या इशाऱ्याने होते. कामगाराचे श्रम पुरेपूर घ्यायचे आणि मोबदला कमी द्यायचा, ही मापातली मारच आहे. म्हणून 'तय्यिब'चा प्रश्न ताटापाशी थांबू नये, तो कपाटापर्यंत जावा, असे मला वाटते.

24 एप्रिल 2013 रोजी ढाक्याजवळच्या सावर येथे राणा प्लाझा ही आठ मजली इमारत कोसळली आणि 1,100 हून अधिक माणसे मेली. आदल्या दिवशी भिंतींना तडे दिसले होते. खालची बँक आणि दुकाने बंद झाली, पण शिवणकामगारांना दुसऱ्या दिवशी कामावर बोलावले गेले. त्यात बहुसंख्य तरुण स्त्रिया होत्या, आपल्याच दीनी बहिणी. त्यांनी शिवलेले कपडे परदेशातल्या मोठ्या ब्रँडच्या दुकानांत जात होते.

मी सॉफ्टवेअर क्षेत्रात काम करतो. खरेदीच्या ॲपवर उलटे धावणारे घड्याळ आणि "फक्त 2 शिल्लक" ही ओळ आपल्याला विचार करायला वेळ मिळू नये म्हणून असते, हे तरुणांनी ओळखले पाहिजे. रमजानचे शेवटचे दहा दिवस इबादतीचे, आणि त्याच दिवसांत बोट सेलवर फिरत राहते. इस्राफ, म्हणजे उधळपट्टी, हल्ली अशी खिशातूनच हाक मारते.

काही जण म्हणतील, आपण खरेदी कमी केली तर गरीब कामगाराचेच पोट मारले जाईल. शंका रास्त आहे. पण राणा प्लाझानंतर कामगार संघटना आणि ग्राहकांच्या दबावामुळे 200 हून अधिक ब्रँडना कारखान्यांच्या सुरक्षेच्या कायदेशीर करारावर सही करावी लागली. म्हणजे विचारणाऱ्या ग्राहकाचा कामगाराला उपयोगच होतो. दुसरी शंका, हे श्रीमंतांचे चोचले आहेत. उलट, दोन स्वस्त जोडांऐवजी एक टिकाऊ जोड घेणे मध्यमवर्गालाच परवडते.

सुरुवात साधी आहे. ईदला एकच जोड घ्या. तो शक्यतो मोहल्ल्यातल्या दर्जीकडून शिवून घ्या आणि शिलाईत घासाघीस करू नका. मजुराचा घाम सुकण्याआधी मजुरी द्या, ही प्रेषित मुहम्मद (सल्ल.) यांची शिकवण आपल्याला पाठ आहे, ती दर्जीच्या दुकानातही लागू होते. उसवलेला कपडा शिवून वापरा. प्रेषित (सल्ल.) आपले कपडे स्वतः शिवत, चपला स्वतः सांधत, असे हजरत आयेशा (रजि.) यांनी सांगितले आहे. मालेगाव, भिवंडीत आपलीच माणसे यंत्रमागावर पाळी करतात. तिथल्या तरुणांनी आणि मस्जिद कमिट्यांनी त्यांच्या मजुरीचा आणि कामाच्या तासांचा प्रश्न हाती घ्यावा.

नवा कपडा घालणे हा ईदचा आनंद आहे, तो जरूर घ्या. फक्त त्या कपड्यात कुणाचा बुडवलेला हक्क नसावा.