भेटीची वाट सोपी करा

नांदेड-लातूरचा कैदी शिक्षा लागून छत्रपती संभाजीनगरच्या हर्सूल कारागृहात गेला, की एका भेटीपायी घरच्यांचा रोज बुडतो. एसटीचे भाडे वेगळेच. आधारकार्ड दाखवून, नंबर लावून पदरात पडतात जेमतेम काही मिनिटे. गुन्हा मुलाचा, शिक्षा आईला का? ई-मुलाकातीची, म्हणजे व्हिडिओ कॉलवर भेटण्याची, सोय आहे. पण उसाच्या फडावरून तिच्यासाठी नोंदणी करणार कोण? गावातल्या ‘आपले सरकार’ केंद्राने ते काम अंगावर घ्यावे. भेटीपलीकडे कायद्याची मदतही आहे. कोठडीतल्या माणसाला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील देण्याची तरतूद १९८७ च्या विधी सेवा कायद्यात आहे. जामिनाला पैसे नसलेल्या गरीब कैद्यांसाठी २०२३ पासून केंद्राची योजनाही आहे. या मदतीसाठी नातेवाइकांनी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे आजच अर्ज करावा.