दिलेला शब्द आणि उधारीची वही

इंग्लंडमधील पीटरबरो शहरानजीक नॉर्मन क्रॉस येथे १७९७ साली लाकडी इमारतींची एक वसाहत घाईघाईने उभी राहिली. फ्रान्सशी चाललेल्या युद्धात पकडलेल्या खलाशांना व सैनिकांना ठेवण्यासाठी ती बांधलेली होती. युद्धकैद्यांसाठीच मुद्दाम उभारलेली ही पहिली छावणी मानली जाते. १८१४ पर्यंत हजारो फ्रेंच बंदिवानांनी येथे आयुष्याची उमेदीची वर्षे काढली. त्यांतील सुमारे १,७७० जण तेथेच मरण पावले. १८०० च्या सुमारास आलेल्या एकाच साथीने त्यांपैकी हजारावर बळी घेतले.

शिक्षा झालेल्या कैद्याला सुटकेचा दिवस ठाऊक असतो. युद्धकैद्याला तोही ठाऊक नसतो. अशा अनिश्चिततेत माणूस काय करतो, याचे उत्तर या छावणीच्या दाराशी भरणाऱ्या बाजारात मिळते. शिधा म्हणून मिळणाऱ्या मांसातील हाडे राखून ठेवून बंदिवानांनी जहाजांच्या बारीक प्रतिकृती कोरल्या. त्यांच्या दोरखंडांसाठी कित्येकदा माणसाचे केस वापरले जात. जैन वाचकाला हे साहित्य रुचणार नाही. मात्र त्याच हातांनी केलेले गवताच्या काड्यांचे काम निःसंकोच पाहावे असे आहे. काडी चिरून, रंगवून, पेटीच्या झाकणावर चिकटवून त्यांनी फुले आणि इमारती साकारल्या. आसपासचे लोक येऊन या वस्तू विकत घेत आणि त्या पैशातून बंदिवान तंबाखू, भाजी, कपडे मिळवत. काहींची तर बऱ्यापैकी बचतही झाली.

बाजार आला की त्याचे दोषही येतात. टोप्यांसाठी गवताच्या वेण्या विणून विकण्यास बंदिवानांना मनाई होती. कर न भरणाऱ्या आणि सरकारी अन्नावर जगणाऱ्या माणसाचा माल स्वस्त पडे आणि त्या भागातील गरीब विणकरांच्या पोटावर पाय येई. तरीही पहारेकऱ्यांच्या मदतीने वेण्या बाहेर जातच राहिल्या. काही कुशल हातांनी बँक ऑफ इंग्लंडच्या बनावट नोटाही काढल्या. अचौर्य अणुव्रताच्या अतिचारांत ‘विरुद्धराज्यातिक्रम’ आणि ‘प्रतिरूपकव्यवहार’ ही दोन नावे आहेत. त्यांची इतकी नेमकी उदाहरणे क्वचितच सापडतील.

सर्वांत करुण अवस्था जुगाऱ्यांची होती. सप्तव्यसनांत द्यूताला पहिले स्थान का, हे तेथे उघड्या डोळ्यांनी दिसे. अंगावरचे कपडे, पांघरूण, इतकेच नव्हे तर पुढच्या दिवसांचा शिधाही डावावर लावून काहीजण हिवाळ्यात उघडेवाघडे राहात. त्यांचा शिधा जिंकणारे वा विकत घेणारे मात्र त्यांच्याच बाजूला झोपलेले असत. भुकेल्या माणसाचे उद्याचे अन्न आज स्वस्तात घेणारा हा व्यापारी जुगाऱ्याइतकाच दोषी म्हटला पाहिजे.

अधिकाऱ्यांची व्यवस्था वेगळी होती. पळून न जाण्याचे लेखी वचन देणाऱ्यास एखाद्या गावात घर भाड्याने घेऊन राहता येई. त्याला भत्ता मिळे आणि हमरस्त्याने गावापासून मैलभर फिरण्याची मुभा असे. ठरल्या वेळी मुक्कामी परतणे मात्र बंधनकारक होते. ‘पॅरोल’ हा आपल्याकडे तुरुंगाच्या बातम्यांतून रुळलेला फ्रेंच शब्द. त्याचा मूळ अर्थच ‘शब्द’ असा आहे. हा शब्द बहुतेकांनी पाळला, पण साऱ्यांनी नव्हे. चेल्टनहॅम येथे राहणारा फ्रेंच सेनापती लफेव्र-देनुएत वचन मोडून मायदेशी पळाला आणि नेपोलियनने त्याला पुन्हा सैन्यात घेतले.

समुद्रापलीकडे फ्रान्समध्येही चित्र याच वळणाचे होते. मे १८०३ मध्ये युद्ध पुन्हा पेटताच नेपोलियनने आपल्या देशात असलेल्या अठरा ते साठ वर्षे वयाच्या सर्व ब्रिटिश पुरुषांना अडकवून ठेवण्याचा हुकूम दिला. त्यांत प्रवासी होते, तसेच व्यापारीही होते. यांपैकी बरेच जण व्हर्दं या गावी वचनावर ठेवले गेले. तेथील प्रमुख जनरल विरियाँ याने त्यांच्याकडून पैसे उकळले. पुढे चौकशीची वेळ आली तेव्हा त्याने स्वतःला गोळी घालून घेतली. श्रीमंत ब्रिटिशांनी गावात क्लब, घोड्यांच्या शर्यती, जुगाराचे अड्डे चालवले. त्याच वेळी जिव्हे येथील गरीब खलाशांची दैना ऐकून रॉबर्ट वुल्फ हे धर्मोपदेशक स्वेच्छेने तेथे राहण्यास गेले आणि त्यांनी खलाशांसाठी शाळा काढली. लंडनच्या लॉइड्समधील व्यापाऱ्यांनी उभारलेल्या निधीतूनही फ्रान्समधील बंदिवानांना मदत पोहोचत असे.

व्हर्दंच्या दुकानदारांनी मात्र या पाहुण्यांना सढळ हाताने उधारी दिली. दूर देशी घरदार आणि इस्टेट असलेला माणूस पैसे बुडवणार नाही, असा त्यांचा हिशेब होता. जानेवारी १८१४ मध्ये शत्रुसैन्य जवळ येताच बंदिवानांना ताबडतोब गाव सोडण्याचा हुकूम झाला. पळून न जाण्याचे वचन ज्यांनी वर्षानुवर्षे प्राणपणाने जपले, त्यांच्यातलेही अनेकजण दुकानाच्या वहीतील आपली बाकी तशीच ठेवून निघून गेले. पहिले वचन सरकारला दिलेले होते, दुसरे शिंप्याला व वाण्याला. गावकऱ्यांचा तगादा युद्ध संपल्यावरही चालूच राहिला.