संथ करा, पण थांबे पुसू नका

नागपूरच्या सक्करदरा चौकातल्या टपरीवर संध्याकाळी उभं राहिलं, की ॲनिमेतल्या लढाईवर गाणं चढवून केलेलं एडिट एकमेकांना दाखवणारे पोट्टे दिसतात. हात चांगला आहे त्यांचा. पण तलवार संथपणे उपसायची वेळ आली, की चित्र हिसके खातं आणि खापर मोबाइलवर फुटतं.

कॅमेऱ्यानं सेकंदाला ९६ फ्रेम टिपून २४ च्या गतीनं दाखवल्या, की दृश्य चौपट संथ होतं; त्यातली प्रत्येक फ्रेम खरोखर घडलेली असते. दादासाहेब फाळके यांनी १९१२ मध्ये याच्या उलट केलं: वाटाण्याच्या रोपाची वाढ थांबून थांबून टिपली आणि काळ आवळला. ॲनिमेत ताणायला जादा फ्रेमच नसतात. एक चित्र बहुधा दोन किंवा तीन फ्रेम धरलेलं असतं, म्हणजे सेकंदाला १२ किंवा ८ चित्रं. ओसामु तेझुका यांनी १९६३ मध्ये ‘ॲस्ट्रो बॉय’ टीव्हीवर आणला, तेव्हा दर आठवड्याला भाग द्यायचा तर चित्रं वाचवणं भागच होतं. तीन फ्रेमचं चित्र चौपट संथ केलं, की अर्धा सेकंद पडद्यावर खिळून बसतं.

ट्विक्सटर, राइफ ही साधनं शेजारच्या फ्रेममधली हालचाल ताडून मधल्या फ्रेम घडवतात. शेजारी तेच चित्र असलं तर ताडायला काहीच नसतं. मग चित्र थांबतं, थांबतं आणि एकदम उडी घेतं. म्हणून सारख्या फ्रेम आधी काढायच्या, मग मधली जागा भरायची. प्रत्येक कट वेगळा करायचा, नाहीतर दोन दृश्यं एकमेकांत विरघळतात. मागचं दृश्य दर फ्रेमला सरकत असेल आणि पात्र तिसऱ्या फ्रेमला हलत असेल, तर पात्र मास्क करून वेगळं काढावं लागतं. काम किचकट आहे, पण ते टाळलं की बोटं वितळतात, चेहरा ओघळतो.

तरीही सारख्या फ्रेम सरसकट उडवू नका, हा माझा आग्रह आहे. वार करण्याआधी पात्र थिजतं, तो थांबा नेहमी काटकसरीचा नसतो. चित्रकारानं तो मोजून ठेवलेला असतो. ॲनिमे दिग्दर्शक ओसामु देझाकी तर ऐन भावनेच्या क्षणी हालचाल थांबवून रंगवलेलं स्थिर चित्र ठेवत, आणि तीच त्यांची ओळख झाली. ते सगळं गुळगुळीत केलं, की वारातली ताकद जाते. साधन थांबा खाऊन टाकेल. तो मूळ भागाशी ताडून हातानं परत लावा आणि संथपणा वार सुटल्यावरच सुरू करा.