'अचीव्हमेंट'चा रकाना

या स्मरणिकेची तयारी सुरू झाली तेव्हा आम्ही संपादक मंडळाच्या वतीने माजी विद्यार्थ्यांकडे एक छापील माहितीपत्रक पाठविले होते. नाव, गाव, प्रवेशाचे वर्ष, शाळा सोडल्याचे वर्ष, सध्याचा व्यवसाय आणि सर्वांत शेवटी एक रुंद रकाना : 'अचीव्हमेंट'. संपूर्ण पत्रक मराठीत आणि हा एकच शब्द इंग्रजी. तो आपल्या बोलण्यात इतका रुळला आहे की त्या जागी दुसरा शब्द असावा, असे आमच्यापैकी कोणालाही सुचले नाही.

पत्रके परत येऊ लागली. पदव्या, पदे, पुरस्कार यांनी भरलेले रकाने वाचताना आमचा ऊर भरून आला. परंतु बरीच पत्रके अशी होती की ज्यांत बाकी सारे व्यवस्थित लिहिलेले आणि शेवटचा रकाना कोरा. कोणी तेथे आडवी रेघ मारली होती, कोणी 'विशेष काही नाही' असे लिहिले होते. एका भगिनीने सरकारी कागदावर लिहितात तसे 'निरंक' लिहिले. ही भगिनी दहावीनंतर शिकू शकली नाही. वडील गेल्यावर तिने अंगणवाडीत काम करीत दोन धाकट्या बहिणींना शिकविले. त्या दोघींची पत्रकेही आमच्याकडे आली आहेत आणि त्यांचे रकाने भरलेले आहेत. एका बांधवाने एसटीत चालक म्हणून नोकरी केली. गावच्या विहारात पुस्तकांचे एक कपाट उभे केले, ते तो आजही सांभाळतो. त्याचाही रकाना कोरा आहे.

त्यांनी चुकीचे लिहिले, असे आम्ही म्हणणार नाही. चूक आमच्या प्रश्नात होती. म्हणून त्या शब्दाकडे जरा नीट पाहावे, असे आम्हांस वाटले.

'अचीव्हमेंट' हा शब्द इंग्रजीत जुन्या फ्रेंच भाषेतून आला. 'अचीव्ह' या क्रियापदाच्या मुळाशी 'शेवटास नेणे, टोकास पोहोचविणे' हा अर्थ आहे आणि त्याच्याही मागे लॅटिनमधील 'कापुत', म्हणजे डोके, हा शब्द आहे. हाती घेतलेले काम माथ्यापर्यंत नेणे, एवढाच त्याचा मूळ आशय. आपण मराठीत 'तडीस नेणे' म्हणतो, 'पार पाडणे' म्हणतो. तड म्हणजे काठ आणि पार म्हणजे पलीकडचा तीर. इंग्रजी शब्दाला शिखर दिसले, तर आपल्या भाषेला नदी दिसली. दोन्हींत काम पुरे करणे महत्त्वाचे आहे. ते कोणी पाहिले, कोणी टाळ्या वाजविल्या, याचा उल्लेख दोन्हींत नाही.

पुढे मात्र या शब्दाला निराळे वळण लागले. युरोपातील सरदार घराण्यांची मानचिन्हे असत. ढाल, तिच्यावर शिरस्त्राण, दोन्ही बाजूंस प्राण्यांच्या आकृती, खाली बोधवाक्य अशा संपूर्ण चिन्हालाही इंग्रजीत 'अचीव्हमेंट' म्हणतात. घराण्यातील व्यक्ती मरण पावली की हे चिन्ह फळ्यावर रंगवून तिच्या दारावर लावीत आणि नंतर तो फळा चर्चमध्ये टांगीत. या फळ्याला 'हॅचमेंट' म्हणत, आणि तो शब्द 'अचीव्हमेंट'चाच अपभ्रंश आहे. मूळ पूर्वजाने कधी काही केलेही असेल, पण पुढच्या पिढ्यांना ते चिन्ह जन्मानेच मिळत गेले. ज्या शब्दाचा अर्थ काम शेवटास नेणे असा होता, तोच शब्द जन्माने मिळालेल्या मोठेपणाच्या पाटीलाही लागू झाला. जन्मावरून माणसाची किंमत ठरविणारी व्यवस्था आपल्या पूर्वजांनी भोगली आहे. एखादा शब्द केलेल्या कामावरून मिळालेल्या मानाकडे कसा सरकतो, हे आपल्याला फार समजावून सांगावे लागू नये.

इंग्रजीत या शब्दाची काही भावंडेही आहेत. 'सक्सेस' हा शब्द लॅटिनमधील 'मागून येणे' या अर्थाच्या क्रियापदापासून आला. आरंभी त्याचा अर्थ केवळ 'परिणाम' असा होता आणि तो परिणाम चांगला की वाईट, हे वेगळे सांगावे लागे. 'अकम्प्लिशमेंट' या शब्दात 'पुरे भरणे' ही कल्पना आहे. जेन ऑस्टेनच्या १८१३ सालच्या 'प्राइड अँड प्रेज्युडिस' या कादंबरीत सुखवस्तू घरांतील मुलींच्या अकम्प्लिशमेंट्सची चर्चा येते. त्या म्हणजे संगीत, चित्रकला, नृत्य, परकीय भाषा. ज्या मुलींना सकाळी उठून पाणी भरावे लागत नव्हते त्यांच्याकरिताच ती यादी होती. इंग्रजी बोलणारा माणूस आजही लॉटरी लागण्याला 'अचीव्हमेंट' म्हणत नाही, कारण त्या शब्दात श्रम गृहीत आहेत. पण ते श्रम कोठून सुरू झाले, वाटेत कोणते ओढे-नाले होते, हे मात्र त्या शब्दातून कळत नाही.

यावर कोणी म्हणेल, मग मराठी शब्द घ्यावा, 'यश' लिहावे. परंतु 'यश' हा शब्दही तितका निरुपद्रवी नाही. संस्कृतात आणि पालीत त्याचा अर्थ कीर्ती, लौकिक असा आहे. मराठीत काम साधणे आणि नाव होणे या दोन्ही गोष्टी याच एका शब्दात एकत्र आल्या. त्याची मोठी किंमत 'अपयश' या शब्दाने वसूल केली आहे. अपयश म्हणजे मुळात दुष्कीर्ती, बदनामी. गणिताच्या पेपरात चार गुण कमी पडले की आपण मुलाला सहज सांगतो, 'तुला अपयश आले.' मुलगा ऐकतो की आपण घराण्याचे नाव घालविले. निकालाच्या दिवशी घरी फोन करण्यास धजत नसलेली, वसतिगृहाच्या जिन्यात बसून राहिलेली मुले आम्ही पाहिली आहेत. पेपर कठीण गेला एवढेच त्यांचे दुःख असते तर ते दोन दिवसांत विरले असते. त्यांच्या अंगावर लाज येऊन पडलेली असते आणि ती लाज आपण भाषेतूनच त्यांच्या हाती दिलेली असते.

भगवान बुद्धांच्या उपदेशात आठ लोकधर्मांचा विचार आहे. लाभ आणि हानी, यश आणि अपयश, निंदा आणि प्रशंसा, सुख आणि दुःख. हे वारे प्रत्येकावर वाहतात आणि त्यांनी मन हलू देऊ नये, हा त्यातील बोध. तेथे यश म्हणजे लौकिकच होय, आणि तो वाऱ्यांत मोजला आहे. आपल्या शाळेत ही शिकवण मुलांना लहानपणीच सांगितली जाते. तीच मुले पुढे माजी विद्यार्थी होतात, तेव्हा आम्ही त्यांच्यापुढे पत्रक ठेवून विचारतो की तुमच्यावर कोणता वारा किती वाहिला. ही विसंगती आमची आहे.

आणखी एक शब्द आपल्या हाताशी आहे. केंद्र सरकारचा 'नॅशनल अचीव्हमेंट सर्व्हे' २०१७ आणि २०२१ साली झाला, तेव्हा महाराष्ट्राच्या शिक्षण विभागाने त्याचे मराठी नाव 'राष्ट्रीय संपादणूक सर्वेक्षण' असे वापरले. 'संपादणूक' हा शब्द शिक्षकांना परिचित आहे, इतरांना तो कागदी वाटतो. पण तो आपल्या परंपरेला फार जवळचा आहे. महापरिनिब्बान सुत्तात तथागतांचे जे अखेरचे शब्द आले आहेत, त्यांतील शेवटचे क्रियापद याच धातूचे आहे : 'सम्पादेथ', म्हणजे संपादन करा, पूर्णत्वास न्या. ते क्रियापद अनेकवचनी आहे, समोर बसलेल्या सर्वांना उद्देशून आहे. काय संपादावे, याचे कर्म त्या वाक्यात नाही. कसे संपादावे, एवढे मात्र आहे : अप्रमादाने, म्हणजे सावध राहून, आळस न करता.

आमच्या पत्रकाने नेमके याच्या उलट केले. त्याने 'काय' मागितले आणि 'कसे' विचारलेच नाही. 'कसे' विचारले असते तर त्या अंगणवाडीतल्या भगिनीला रकाना अपुरा पडला असता.

बाबासाहेबांच्या चरित्रातील दोन गोष्टी येथे आठवतात. विद्यार्थिदशेत ते एक परीक्षा उत्तीर्ण झाले, तेव्हा समाजाने त्यांच्या सत्काराची सभा भरविली. इतर समाजांच्या मानाने ती परीक्षा फार मोठी नव्हती, असे बाबासाहेबांनी स्वतःच पुढे नमूद केले आहे. पण तेथपर्यंत पोहोचणारा तो समाजातील पहिलाच मुलगा, म्हणून लोकांना तो आपला सर्वांचा आनंद वाटला. त्या वेळी केळुसकर गुरुजींनी स्वतः लिहिलेले बुद्धचरित्र त्यांना भेट दिले.  ते पुस्तक १९५६ च्या नागपूरपर्यंतच्या वाटेवरचे पहिले पाऊल ठरले.

दुसरी गोष्ट लंडनची. बडोदा संस्थानच्या शिष्यवृत्तीची मुदत संपल्यामुळे १९१७ साली त्यांना तेथील अभ्यास अर्धवट टाकून परतावे लागले. त्यांनी मुंबईच्या सिडनॅम महाविद्यालयात अध्यापन केले, पैसे साठविले आणि १९२० साली ते पुन्हा लंडनला गेले. १९२३ साली त्यांना डी. एस्सी. ही पदवी मिळाली. १९१८ साली कोणी त्यांच्यापुढे आमच्यासारखा रकाना ठेवला असता, तर लंडनच्या ओळीपुढे 'अपूर्ण' असेच लिहावे लागले असते. त्या मधल्या वर्षांत त्यांनी जे केले त्याला रकान्यात जागा नव्हती आणि पुढची पदवी मात्र त्याच वर्षांच्या आधारावर उभी राहिली.

आमच्या म्हणण्याचा विपर्यास होऊ नये. पदव्या आणि पदे मोजू नयेत, असे आम्ही म्हणत नाही. ज्यांना पिढ्यान्पिढ्या पाटीला हात लावू दिला नाही, त्यांच्या लेकरांनी मिळविलेली प्रत्येक पदवी हा पुरावा आहे आणि तो मांडलाच पाहिजे. बाबासाहेबांनी १९४५ साली पीपल्स एज्युकेशन सोसायटी स्थापन केली आणि १९४६ साली सिद्धार्थ महाविद्यालय सुरू केले, ते आपल्या मुलांनी उच्च शिक्षणात मागे राहू नये म्हणूनच. या स्मरणिकेतही अधिकारी, डॉक्टर, प्राध्यापक, अभियंते झालेल्या आपल्या भावाबहिणींची नावे अभिमानाने छापली आहेत. नम्रतेच्या नावाखाली ती झाकणे हाही अन्यायच झाला असता.

परंतु अभिमानाच्या या यादीने दोन अपाय होऊ नयेत. एक म्हणजे, यादीत आलेल्या माणसाला आपण एकट्याने वर आलो असे वाटणे. इंग्रजीतील 'अचीव्हर' हा शब्द नेहमी एकट्या माणसाला लागतो. पण आपल्या वसतिगृहात कोणीही एकट्याने शिकलेले नाही. मोठ्या मुलाने धाकट्याला अपूर्णांक शिकविले आहेत. भोजनगृहातील मावशींनी आजारी मुलाची पेज वेगळी ठेवली आहे. बापाने ऊसतोडीच्या उचलीतून पेटी आणि सतरंजी घेऊन दिली आहे. दुसरा अपाय म्हणजे, यादीत न आलेल्याने आपले आयुष्य निरंक मानणे.

'ओव्हरअचीव्हर' असाही एक शब्द हल्ली कानी पडतो. अपेक्षेहून अधिक करणारा, असा त्याचा अर्थ. आपल्या मुलांच्या बाबतीत तो कौतुकाने वापरला जातो. अशा वेळी शांतपणे विचारावे, ही अपेक्षा कोणी ठरविली होती आणि ती इतकी कमी का ठरविली होती?

आता आमचा प्रस्ताव. पुढील स्मरणिकेच्या पत्रकातून 'अचीव्हमेंट' हा रकाना काढावा आणि त्या जागी तीन साधे प्रश्न ठेवावेत. आपण कोणते काम तडीस नेले? त्यात आपल्याला कोणाचा हात लागला? आपला हात कोणाला लागला? अधिकाऱ्यालाही याच तीन ओळी आणि चालकालाही याच तीन ओळी. पालकांनाही विनंती आहे की निकालाच्या दिवशी मुलाला आधी 'किती पडले?' असे न विचारता 'काय काय जमले?' असे विचारावे. गुण तो स्वतःच सांगेल. आणि गुण कमी असले तर 'अपयश' हा शब्द घरात आणू नये. 'हे राहिले आहे, ते पुरे करू' एवढे म्हणणे पुरेसे आहे.

ज्यांनी कोरे रकाने पाठविले त्यांची आम्ही या पानावरून क्षमा मागतो. त्या भगिनीशी आम्ही बोललो. तिच्या संमतीने 'निरंक' हा शब्द आम्ही खोडला आणि तिने सांगितलेले एक वाक्य तेथे लिहिले : 'दोन बहिणींना शिकवून पार केले.' या स्मरणिकेच्या माजी विद्यार्थी विभागात ते तिच्या नावापुढे छापले आहे. ज्यांचे रकाने अजून कोरे आहेत त्यांनी आम्हांस कळवावे. त्यांच्याकरिता आम्ही जागा राखून ठेवली आहे.