माळावरच्या निळ्या टिकल्या

दोस्तांनो, बारामती-इंदापूर म्हटलं की डोळ्यांसमोर येतो हिरवागार ऊस. पण कालव्याचं पाणी पोचत नाही तिथे काय आहे? मुरमाड माळ! एसटीच्या खिडकीतून बघणारे म्हणतात, "छे, इथे तर काहीच नाही!"

खरंच? पावसाळ्यातल्या एखाद्या सकाळी त्या माळावर जा आणि चक्क उकिडवे बसा. गवताच्या बुडाशी निळ्या टिकल्या सांडलेल्या दिसतील. ही विष्णुक्रांत! फूल जेमतेम करंगळीच्या नखाएवढं. सकाळी उमलतं, दुपार कलली की मिटतं.

हिच्या बारीक फांद्या चहूकडे जमिनीलगत पसरतात. उंच का बरं वाढत नाही ही? अहो, माळावर ना सावली, ना आडोसा. जमिनीला चिकटून राहिलं की वारा डोक्यावरून निघून जातो. भिंगातून पानं पाहा. त्यांवर रेशमी लव दिसेल. उन्हात पाणी उडून जाऊ नये म्हणून ही तजवीज! आणि गंमत म्हणजे, उपासाचं रताळं आणि तळ्याकाठची बेशरम हिच्याच कुळातली बरं का! केरळात 'दशपुष्पम्' म्हणून दहा रानफुलं पवित्र मानतात, त्यांतही हिला मान आहे.

मात्र हिला हवं भरपूर ऊन आणि मोकळी जागा. आपण माळाला 'पडीक' म्हणतो आणि हौसेनं तिथे दाट झाडं लावतो. सावली पडली की विष्णुक्रांत हटते, गवतही विरळ होतं. मग जमिनीवर घरटं करणाऱ्या चंडोलानं कुठे जायचं? आणि चिंकारा हरणानं? त्याच्यासाठीच तर सुप्याजवळ १९९७ मध्ये मयूरेश्वर अभयारण्य झालं. इंदापूरच्या कडबनवाडीच्या माळावरही तो दिसतो.

झाडं लावू नका, असं नाही हं! बांधावर लावा, शाळेभोवती लावा, रस्त्याकडेला लावा. पण "यंदा माळावर झाडं लावू या," असं कुणी म्हणालं, तर नम्रपणे सांगा, "गुरुजी, माळ रिकामा नाही."

आणि हो, या पावसाळ्यात एक करा. माळावर सुतळीचा हातभर चौकोन मांडा. आत किती प्रकारची गवतं, फुलं, किडे आहेत ते मोजा. वहीत चित्रं काढा. फूल मात्र तोडायचं नाही!