चिचेन इत्साच्या एका दिवसात काय वगळले जाते? (थ्रेड)

कांकुनच्या हॉटेलांमधून सकाळी निघणाऱ्या सहलींच्या बसगाड्यांचे वेळापत्रक जवळजवळ ठरलेले असते. सुमारे दोनशे किलोमीटरचा प्रवास, चिचेन इत्साच्या अवशेषांत दोनेक तास, एखाद्या सेनोतेच्या थंड पाण्यात डुंबणे, ‘अस्सल माया भोजन’ अशी जाहिरात करणाऱ्या उपाहारगृहात बुफे, परतीच्या वाटेवर वायादोलिदच्या चौकात छायाचित्रे आणि रात्री पुन्हा समुद्रकिनारा. मेक्सिकोच्या युकातान द्वीपकल्पात दरवर्षी लाखो लोक याच क्रमाने माया संस्कृती पाहतात.

या सहलीत गैर काही नाही. मात्र तिच्या रचनेतच एक ऐतिहासिक विधान दडलेले आहे: माया लोक कधीतरी होऊन गेले, मागे उरले ते त्यांचे दगड. हे विधान साफ चुकीचे आहे, आणि ते खोडून काढणारा सर्वांत ठोस पुरावा त्याच सहलीत दुपारी ताटात वाढला जातो.

आधी दगडांकडे पाहू. कुकुल्कानचे मंदिर सुमारे ३० मीटर उंच आहे. चारही बाजूंना प्रत्येकी ९१ पायऱ्या आणि वरचा चौथरा धरून ३६५, हा हिशेब प्रत्येक मार्गदर्शक सांगतो. मग तो पायथ्याशी उभा राहून टाळी वाजवतो आणि पायऱ्यांवरून परतणारा प्रतिध्वनी केत्साल पक्ष्याच्या शिळेसारखा ऐकू येतो. प्रतिध्वनी खरा आहे. तो बांधणाऱ्यांना अभिप्रेत होता की नाही, हे सिद्ध झालेले नाही. विषुवदिनी कठड्यावरून उतरणाऱ्या सावलीच्या सर्पाबाबतही अभ्यासकांत एकमत नाही. छायाचित्रांत दिसणाऱ्या पिरॅमिडच्या दोन बाजू विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात पुन्हा रचलेल्या आहेत, ही गोष्ट मात्र टाळीइतक्या उत्साहाने सांगितली जात नाही.

त्यानंतर येतो तो प्रसिद्ध शब्द: ऱ्हास. नवव्या शतकात तिकाल, कोपान यांसारखी दक्षिणेकडील शहरे ओस पडली, हे खरे. परंतु चिचेन इत्साचा बहर नेमका त्याच सुमारास सुरू झाला. ते मागे पडल्यावर मायापानचे वर्चस्व पंधराव्या शतकाच्या मध्यापर्यंत टिकले. स्पॅनिशांनी १५४२ मध्ये त’हो या माया वस्तीवर मेरिदा शहर वसवले, तरीही सगळे माया त्यांच्या अमलाखाली आले नाहीत. ज्या इत्सांचे नाव सहलीच्या तिकिटावर छापलेले असते, त्याच इत्सांचे नोहपेतेन हे सरोवरातील शहर आजच्या ग्वाटेमालात १६९७ पर्यंत स्वतंत्र होते. मराठी वाचकांसाठी काळाचे माप सांगायचे तर, त्या वेळी राजाराम महाराज जिंजीच्या वेढ्यात होते. ‘हजार वर्षांपूर्वी गूढरीत्या नाहीसे झालेले लोक’ शिवकाल उलटून गेल्यावरही राज्य करत होते!

येथे एका आपल्याकडच्या गैरसमजाचाही समाचार घेणे भाग आहे. ‘माया म्हणजे मयासुराचे वंशज’ हा संदेश मराठी समूहांतून वर्षानुवर्षे फिरत असतो. दोन शब्दांच्या उच्चारातील साम्य यापलीकडे त्याला काडीचाही आधार नाही. प्राचीन शहरांतील लोक स्वतःला एकत्रितपणे ‘माया’ म्हणवतही नव्हते. युकातानशी निगडित असलेले ते नाव पुढे अभ्यासकांनी सगळ्या समूहाला लावले. आजही युकातानमधील अनेक माया भाषक स्वतःची ओळख सांगताना वेगळे शब्द वापरतात. एका समाजाचे कर्तृत्व दुसऱ्याच कुणाच्या पुराणाला बहाल करणे हीदेखील त्याला नाहीसे करण्याचीच एक तऱ्हा आहे.

चिचेन इत्साची मालकी हा आणखी एक वगळलेला अध्याय. १८९४ मध्ये एडवर्ड थॉम्पसन या अमेरिकी व्यक्तीने अवशेषांसह ती सारी हासिएन्दा, म्हणजे जहागिरीवजा शेतजमीन, विकत घेतली. १९०४ पासून त्याने पवित्र सेनोतेचा तळ उपसला. त्यातून निघालेले सोने, जेड आणि मानवी अस्थी यांतील बरेच काही हार्वर्डच्या पीबॉडी संग्रहालयात पोहोचले. त्यांपैकी काही वस्तूच पुढे मेक्सिकोला परत मिळाल्या. अवशेषांखालची जमीन तर २०१० पर्यंत खासगी मालकीची होती. म्हणजे १९८८ मध्ये युनेस्कोने ज्या स्थळाला जागतिक वारसा ठरवले, त्याची जमीन पुढची बावीस वर्षे सातबाऱ्यावर भलत्याच्याच नावे असावी, तसा हा प्रकार होता. आज पिरॅमिडच्या वाटांवर लाकडी मुखवटे विकणारे आसपासच्या गावांतील माया विक्रेते आणि सरकारी पुरातत्त्व संस्था यांच्यात जागेवरून सतत खटके उडतात. पर्यटकाला त्या विक्रेत्यांची कटकट वाटते. ‘माया’ पाहायला आलेल्या माणसाला मायांचीच अडचण व्हावी, यापरता उपरोध कोणता?

आता जेवण. सहलीच्या जाहिरातीत ते शेवटच्या ओळीत असते आणि इतिहासाच्या दृष्टीने ते पहिल्या ओळीत असायला हवे.

बुफेवरील मुख्य पदार्थ बहुधा कोचिनीता पिबिल असतो. ‘पिब’ या माया शब्दाचा अर्थ जमिनीतील भट्टी. खड्डा खणायचा, त्यात दगड तापवायचे, पानांत गुंडाळलेले मांस ठेवायचे आणि वरून माती लोटायची. रायगडातील पोपटी ज्यांनी खाल्ली आहे त्यांना ही कल्पना फारशी परकी वाटणार नाही. मात्र पोपटीच्या मडक्याभोवती जमिनीवर जाळ करतात, तर पिब पुरते मातीआड जाते. मांसाला लाल रंग येतो तो अचिओतेच्या बियांचा. हे झाड आपल्याकडे शेंदरी म्हणून ओळखले जाते, आणि तेही मूळचे अमेरिकेतलेच.

पण डुक्कर स्पॅनिशांनी आणले. मुरवणीतले आंबट संत्रे आशियातून अरबांमार्फत स्पेनला आणि तेथून युकातानला गेले. गुंडाळायचे केळीचे पान आग्नेय आशियाचे. भट्टी, रंग आणि नाव माया, बाकी सारे समुद्रापलीकडचे. म्हणून ‘हजारो वर्षे जुनी पाककृती’ ही जाहिरात खोटी ठरते, आणि तरीही हा पदार्थ अस्सल आहे. जिंकल्या गेलेल्या समाजाने जेत्याचे जनावर आपल्या भट्टीत घातले आणि आपल्या भाषेतले नाव त्याला दिले, असा त्याचा अर्थ आहे. पिरॅमिडला सोळाव्या शतकानंतरचे काही सांगता येत नाही. कोचिनीता पिबिलला येते.

शेजारी पुंगळी करून ठेवलेली मक्याची पोळी त्याहून जुनी. मका चुन्याच्या पाण्यात शिजवून, रात्रभर भिजवून, साल काढून वाटायचा, ही प्रक्रिया मेसोअमेरिकेत युरोपीय येण्याच्या कितीतरी आधीपासूनची. चुन्यामुळे मक्यातील नायसिन हे जीवनसत्त्व शरीराला मिळू शकते. युरोपने मका नेला, ही कृती नेली नाही. परिणामी मक्यावरच गुजराण करणाऱ्या स्पेन-इटलीतील गरिबांत पेलाग्रा हा रोग अठराव्या-एकोणिसाव्या शतकांत पसरला. ज्यांना ‘रानटी’ म्हटले गेले त्यांच्या बायका चुलीपाशी जे करत होत्या, त्याचे कारण विज्ञानाला विसाव्या शतकात उमगले.

(शाकाहारी प्रवाशांसाठी एक व्यावहारिक सूचना: काळ्या घेवड्याची उसळ निर्धोक समजू नये, ती डुकराच्या चरबीत परतलेली असू शकते. ‘सिकिल पाक’ मागावे. भाजलेल्या भोपळ्याच्या बिया, टोमॅटो आणि हाबानेरो मिरची यांची ती चटणीच आहे. नावातील दोन्ही शब्द माया, सिकिल म्हणजे भोपळ्याची बी आणि पाक म्हणजे टोमॅटो. मराठी पाट्यावर ती सहज खपून जाईल.)

मका, घेवडा आणि भोपळा एकत्र पेरण्याच्या शेतीला मिल्पा म्हणतात. रान तोडायचे, जाळायचे, काही वर्षे पिकवायचे आणि मग जमीन पडीक ठेवायची. सह्याद्रीतील कुमरी शेतीशी तिचे नाते लगेच ध्यानात येते. या शेतीला मोकळी जमीन लागते. एकोणिसाव्या शतकात तीच ऊसमळ्यांनी गिळायला सुरुवात केली, शिवाय करांचा बोजा होताच. २६ जुलै १८४७ रोजी मानुएल आंतोनिओ आय या माया पुढाऱ्याला वायादोलिदमध्ये मृत्युदंड दिला गेला. चारच दिवसांनी सेसिलिओ चीच्या नेतृत्वाखाली तेपिच येथे उठाव झाला, आणि जे युद्ध पेटले ते १९०१ पर्यंत चालले.

त्याचे स्पॅनिश नाव ‘गेर्रा दे कास्तास’. ‘कास्ता’ या इबेरियन शब्दाची आपल्याला वेगळी ओळख करून द्यायला नको. पोर्तुगीजांनी तो भारतात आणला आणि इंग्रजीतील जातिवाचक शब्द त्यावरूनच घडला.

१८४८ मध्ये माया सैन्याने वायादोलिद घेतले आणि ते मेरिदाच्या वेशीपर्यंत पोहोचले. शहर पडणार असे वाटत असतानाच बंडखोर मागे फिरले. का? एक कथा अशी आहे: पंख फुटलेल्या मुंग्यांचे थवे उठले, पाऊस जवळ आल्याची ती खूण, आणि मका पेरण्याची वेळ झाल्यामुळे शेतकरी आपापल्या रानाकडे निघून गेले. ही हकिकत एका बंडखोर सेनानीच्या मुलाने सांगितली, ती सेनोते उपसणाऱ्या त्याच थॉम्पसनला. सैन्याची दमछाक, दारूगोळ्याची टंचाई, नेत्यांमधील फूट ही कारणेही इतिहासकार मांडतात आणि ती अधिक वजनदार आहेत. परंतु पेरणीसाठी राजधानी सोडणारे सैन्य ही गोष्ट माया घरांना सांगावीशी वाटली, याला स्वतःचे महत्त्व आहे.

पुढे बंडखोरांनी पूर्वेकडील जंगलात चान सांता क्रूस येथे ‘बोलणाऱ्या क्रूसा’भोवती आपली सत्ता उभारली. दुसरीकडे १८४९ पासून माया कैद्यांना क्युबातील मळ्यांवर विकले जाऊ लागले. हा व्यापार हुआरेझ सरकारने १८६१ मध्ये बंद केला. चिचेन इत्सा ते वायादोलिद हे अंतर जेमतेम चाळीस किलोमीटरचे आहे. बस या युद्धभूमीतून जाते आणि आत बहुतेक प्रवासी जेवण अंगावर येऊन झोपलेले असतात.

हे वगळणे आजचे नाही. १२ जुलै १५६२ रोजी फ्रान्सिस्कन धर्मगुरू दिएगो दे लांदा याने मानी गावात माया ग्रंथ आणि हजारो मूर्ती जाळल्या. गोव्यात इन्क्विझिशन सुरू होऊन तेव्हा दोनच वर्षे झाली होती. आज जगात केवळ चार प्राचीन माया हस्तलिखिते शिल्लक आहेत आणि त्यांपैकी एकही युकातानमध्ये नाही. त्याच लांदाने लिहून ठेवलेल्या माया ‘मुळाक्षरां’च्या आधारे युरी क्नोरोझोव्हने १९५२ मध्ये लिपी उलगडण्याची दिशा दाखवली, हा इतिहासाचा विचित्र न्याय. पण ग्रंथ जळाले तरी भाषा जळाली नाही. २०२० च्या जनगणनेत मेक्सिकोत पावणेआठ लाखांच्या आसपास लोकांनी युकातानी माया बोलत असल्याची नोंद केली.

यावर आक्षेप ठरलेला आहे. एका दिवसात किती सांगणार? लोक सुट्टीवर आले आहेत, त्यांना युद्धाच्या कथा कशाला? आक्षेपात तथ्य आहे. उन्हात उभ्या असलेल्या चाळीस जणांना जमीनधारणेचा इतिहास ऐकवणे सोपे नाही. मात्र वेळेची सबब पटत नाही. नरबळीच्या वर्णनाला वेळ असतो, २०१२ च्या जगबुडीला असतो, टाळ्यांना तर असतोच. निवड झालेली आहे, आणि ती सोयीची आहे. माया नाहीसे झाले म्हटले की त्यांच्या जमिनीविषयी कुणाला विचारावे लागत नाही. शेजारच्या कांपेचे राज्यात जनुकीय बदल केलेल्या सोयाबीनच्या लागवडीला परवानगी देताना माया समाजाला विचारलेच गेले नव्हते. २०१५ मध्ये मेक्सिकोच्या सर्वोच्च न्यायालयाने ती परवानगी रोखली. त्या लढ्यात पुढे असलेल्या लेडी पेच या बिनडंखाच्या ‘शुनान काब’ माश्या पाळणाऱ्या माया स्त्रीला २०२० मध्ये गोल्डमन पर्यावरण पुरस्कार मिळाला. त्याच माश्यांचा मध सहलीच्या दुकानात छोट्या बाटल्यांतून मिळतो, लेबलावर पिरॅमिडचे चित्र असते.

त्यामुळे युकातानला जाणाऱ्याने दिवस उलटा आखावा. मुक्काम कांकुनऐवजी वायादोलिदला करावा. सकाळी तेथील बाजारात न्याहारी करावी, जुन्या माया मंदिराचे दगड वापरून बांधलेला सान बेर्नार्दिनोचा मठ पाहावा, आणि मग पिरॅमिडकडे निघावे. ऊन जास्त लागेल, हे कबूल. बसमध्ये मार्गदर्शकाच्या जवळची जागा मिळाली तर त्याला विचारावे, घरी आजी कोणती भाषा बोलते. या भागात अनेक मार्गदर्शकांचे उत्तर ‘माया’ असेच असते. फक्त ठरलेल्या माहितीत त्याला जागा नसते.