सोनकीची पुंजी

गौरी-गणपतीचे दिवस आले, की सह्याद्रीचे माथे पिवळे होऊ लागतात. सिंहगडाचा उतार असो की साताऱ्याजवळचे कास पठार, हिरव्या गवतावर हळद सांडावी तशी फुले पसरतात. त्यांतली पुष्कळशी असतात सोनकीची.

सोनकी ही झेंडू, शेवंती आणि सूर्यफुलाच्या कुळातली. आपण जिला एक फूल म्हणतो ती खरे तर अनेक चिमुकल्या फुलांची पंगत असते. कडेची एकेक पाकळी हे एक फूल आणि मधल्या पिवळ्या गोंड्यात दाटीने बसलेली आणखी कितीतरी! म्हणूनच मधमाशीला एका जागी बसून अनेक फुलांतला मध मिळतो.

तिचे शास्त्रीय नाव सेनेसिओ बॉम्बेएन्सिस. त्यातल्या बॉम्बेएन्सिसमध्ये आपली मुंबई आहे, हे सहज कळते. सेनेसिओ हा शब्द मात्र म्हातारा या अर्थाच्या लॅटिन शब्दावरून आला आहे. फुले सुकली, की बियांना पांढरे मऊ केस फुटतात, म्हणून हे नाव. आपल्याकडची मुलेही रुईच्या उडत्या बीला ‘म्हातारी’च म्हणतात. कुठली लॅटिन आणि कुठली मराठी, पण दोघींना सुचले एकच!

या पांढऱ्या केसांतच सोनकीचे सारे भवितव्य असते. कळलावीचा वेल वाळला तरी जमिनीखाली तिचा कंद जिवंत राहतो आणि पुढच्या पावसात पुन्हा फुटतो. सोनकीपाशी अशी ठेव नाही. पहिल्या पावसात रुजायचे, फुलायचे, वाऱ्यावर बिया सोडायच्या आणि पाऊस सरल्यावर वाळून जायचे, एवढेच तिचे आयुष्य. पुढच्या वर्षीची सोनकी या बियांतूनच यायची असते.

कास पठार ज्या पश्चिम घाटाचा भाग आहे, त्याला 2012 साली जागतिक वारशाचा मान मिळाला. तेव्हापासून फुले पाहायला जाणाऱ्यांची संख्याही वाढली. फोटोसाठी कोणी ताटव्यात बसकण मारतो, कोणी घरी न्यायला जुडी खुडतो. ती जुडी संध्याकाळपर्यंत माना टाकते. शिवाय, फूल खुडले की त्यातून होणाऱ्या बियाही गेल्या. एवढ्या फुलांतली चार तोडली तर काय बिघडले, असे प्रत्येकालाच वाटते. पण असे म्हणणारे हजारो असतात.

सोनकी पाहावी ती पायवाटेवरून. ताटव्याला पाय लागला नाही, तर पुढच्या भाद्रपदात ती पुन्हा भेटेल.